मोतालेब मियाँची साक्ष

लेख लिहायला बसताना एक प्रश्न समोर ठेवला होता. तो आरंभीच सांगते, म्हणजे वाचकाला माझ्या मागे चालणे सोपे जाईल. एखाद्या माणसाने आपल्या भाषेत सांगितलेली खरी हकीकत न्यायाच्या टेबलापर्यंत पोचते, तेव्हा तिचे वजन कमी झालेले असते का? आणि झाले असेल, तर ते नेमके कोणत्या टप्प्यावर कमी होते?

हा प्रश्न मला सुचला, कारण त्या वाटेच्या मधोमध बसून मी बरीच वर्षे काम केले. ओमानमध्ये आम्ही यजमानांच्या नोकरीनिमित्त आलो. मी आधी भारतीय अभ्यासक्रमाच्या एका शाळेत हिंदी आणि मराठी शिकवत असे. अरबी भाषेची गोडी लागली ती शेजारच्या ओमानी कुटुंबामुळे. पुढे रीतसर वर्ग केले, परीक्षा दिल्या आणि शाळा सोडल्यावर शपथबद्ध दुभाषी म्हणून काम करू लागले. पोलिसांकडे, सरकारी अभियोक्त्यांकडे किंवा न्यायालयात मराठी अथवा हिंदी बोलणारा माणूस आला आणि तिथल्या दुभाष्याला त्याची बोली उमगली नाही, की मला फोन येई. बोलावणे बहुधा मस्कतमध्येच असे. कधी सोहारला किंवा इब्रीला जावे लागे.

दुभाष्याचे काम बाहेरून सोपे दिसते. ऐकायचे आणि सांगायचे, एवढेच. पण त्याचे काही नियम आहेत आणि ते समजल्याशिवाय पुढची हकीकत समजणार नाही. पहिला नियम असा की दुभाषी स्वतः त्या खोलीत नसतो. साक्षीदार म्हणाला, “मी चोरी केली नाही,” तर मी अरबीत “तो म्हणतो की त्याने चोरी केली नाही,” असे सांगत नाही. मी म्हणते, “मी चोरी केली नाही.” त्याची शिवी ही माझ्या तोंडून शिवीच व्हायला हवी आणि त्याचे अडखळणे हे अडखळणेच. एखाद्याने ओबडधोबड सांगितले तर ते गुळगुळीत करण्याचा मला अधिकार नाही. शाळेत निबंधातल्या चुका तांबड्या शाईने सुधारण्यात उमेदीची वर्षे घालवलेल्या बाईला हे शिकायला फार वेळ लागला. साक्षीदाराशी आधी बोलायचे नाही, नंतरही नाही. काही खुलासा करणे अगदी आवश्यक वाटले, तर “दुभाषी परवानगी मागते,” असे सर्वांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणायचे. तेवढ्या वेळेपुरती मी त्या खोलीत असते.

या कामात मजेचे प्रसंगही येत. एक सुतार होता, मूळचा राजापूरकडचा. इथल्या लोकांत राहून त्याला प्रत्येक वाक्याला “इन्शाल्ला”, म्हणजे अल्लाच्या मनात असेल तर, असे म्हणण्याची सवय लागली होती. अधिकाऱ्यांनी विचारले, अपघात तुम्ही पाहिला का? तो गंभीरपणे म्हणाला, इन्शाल्ला. मी नियमाप्रमाणे तसेच सांगितले. अधिकारी पेन खाली ठेवून म्हणाले की, बाबा, घडून गेलेल्या गोष्टीत तुझ्याकडून हो की नाही एवढेच हवे आहे. दुसरा एक जण होकार देताना मान अशी डोलवी, की लेखनिकाने दोनदा नकार नोंदवला. मला परवानगी मागून सांगावे लागले की आमच्याकडे मानेची ही चाल म्हणजे होकार. त्यावर लेखनिक माझ्याकडे पाहून म्हणाला, मग तुमच्याकडे नकार कसा देतात? मी म्हटले, आमच्याकडे नकार बहुधा देतच नाहीत. तो हसला, पण मी दिलेले उत्तर थट्टेचे नव्हते. साहेबासमोर नाही न म्हणणे ही आपल्याकडच्या कष्टकरी माणसाची फार जुनी सवय आहे आणि चौकशीच्या खोलीत ती त्याला महागात पडते.

आता ज्या प्रकरणासाठी लेख लिहीत आहे, त्याकडे येते. माणसांची नावे आणि ठिकाणाच्या खुणा बदलल्या आहेत. शपथेचे बंधन निवृत्तीनंतरही सुटत नाही.

इब्रीच्या बाजूला, मुख्य रस्त्यापासून आत, दिव्याच्या खांबांसाठी केबल टाकण्याचे काम चालू होते. त्या भागात तांब्याच्या केबलच्या चोऱ्या वाढल्या होत्या, म्हणून पोलिसांची गस्त असे. एका संध्याकाळी, मगरिबची बांग होऊन गेल्यावर, तिथे दोनच माणसे उरली होती. एक वसंत घाडी, देवगड तालुक्यातला, पन्नाशीकडे झुकलेला केबल जोडणारा कारागीर. दुसरा मोतालेब मियाँ, बांगलादेशी, वसंतपेक्षा वयाने थोडा मोठा, खणकाम करणारा. फोरमनने फोनवरून सांगितल्याप्रमाणे त्यांनी उरलेली केबल पिकअपमध्ये भरली होती. मोतालेब चरात उतरून हत्यारे गोळा करत होता आणि वसंत चराच्या काठावर उभा होता. गस्तीची गाडी थांबली. एक तरुण शिपाई उतरला, त्याने हात वर करून काही फर्मावले आणि वसंत वळून पिकअपच्या दिशेने धावत सुटला. शिपायाने जमिनीकडे गोळी झाडली. ती दगडावर आपटून उसळली आणि वसंतच्या मांडीत शिरली.

माझ्या कामाच्या एवढ्या वर्षांत पोलिसांच्या गोळीचे प्रकरण माझ्यापुढे आले ते हे एकच. असे प्रसंग इथे इतके विरळ, की बातमी दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत मस्कतमध्ये रुवी, दार्सैत आणि मत्रहच्या बाजारातही पोचली होती. पण पोचताना तिचा आकार बदलला. शिपाई वर्णाने काळा होता. त्याचे आजोबा-पणजोबा आफ्रिकेच्या किनाऱ्यावर राहून परतलेले ओमानी. अशी कुटुंबे इथे पुष्कळ आहेत, घरात स्वाहिली बोलतात, आणि ती इतर कोणाइतकीच ओमानी आहेत. आमच्या लोकांच्या फोनवर मात्र जे फिरू लागले त्यात ‘काळ्या’ हा शब्द गोळीच्याही आधी येत होता. काळ्या शिपायाने आपल्या मराठी माणसाला गोळी घातली. कोणी लिहिले, अरबाने अशी गोळी झाडली नसती. दुसऱ्या बाजूनेही बोलले जात होते. माझी टॅक्सी चालवणारे ओमानी गृहस्थ मला म्हणाले की, तुमची माणसे केबल विकून पैसे घरी पाठवतात, मग पोलिस गोळी झाडतील नाही तर काय करतील? मी त्यांना, चौकशी अजून व्हायची आहे, एवढेच सांगितले.

तिसऱ्या दिवशी मला इस्पितळात बोलावले. वसंत घाडी खाटेवर होता, दाराशी पहारा होता. पहिल्या रात्री इस्पितळातल्याच कोणा हिंदी जाणणाऱ्याने घाईघाईत त्याची माहिती लिहून दिली होती. तिच्यात ‘पोलिसांना पाहून पळाला’ असे वाक्य होते. डॉक्टरांनी लांबलचक प्रश्नोत्तरांना अजून परवानगी दिली नव्हती. चौकशी अधिकाऱ्यांना त्या दिवशी फक्त आरोप वाचून दाखवायचा होता : केबलच्या चोरीचा प्रयत्न आणि पोलिसांपासून पलायन. हे अधिकारी साठीच्या अलीकडचे, हळू बोलणारे, दर वाक्यानंतर माझ्यासाठी थांबणारे गृहस्थ होते. मी आरोप मराठीत सांगितला. वसंतने डोळे मिटून घेतले आणि मालवणीत म्हणाला,

“बाई, पाय लंगडो झालो तरी चलात. पण माका चोर म्हणान गावाक पाठवू नकात. चेडवाचा लगीन ठरलला आसा माझ्या.”

माझी आई कणकवलीची, त्यामुळे ही बोली मला घरची. मी अरबीत म्हटले : “माझा पाय अधू झाला तरी चालेल. पण मला चोर ठरवून गावी पाठवू नका. माझ्या मुलीचे लग्न ठरले आहे.” अधिकाऱ्यांनी ते लिहून घ्यायला सांगितले आणि म्हणाले, की बाकीचे डॉक्टर सांगतील तेव्हा, तोवर आम्ही ज्यांनी पाहिले त्यांना विचारतो.

म्हणजे वसंतचे गावातले नाव, मुलीचे लग्न, सगळे आता पाहणाऱ्याच्या जबानीवर टांगलेले होते. आणि पाहणारा एकच होता.

त्याच संध्याकाळी सामंतकाका घरी आले. मस्कतमधल्या मराठी मंडळींत त्यांना मान आहे. कोणाचे पार्थिव मायदेशी पाठवायचे असो की कोणाचा पगार अडकलेला असो, काका धावून जातात. हे मी आधी नोंदवते, कारण पुढे जे लिहिणार आहे त्यावरून त्यांच्याविषयी गैरसमज होऊ नये. त्यांची मुलगी माझी विद्यार्थिनी, म्हणून ते मला बाई म्हणत.

चहा होईपर्यंत ते इकडचे तिकडचे बोलले. मग म्हणाले, “बाई, साक्षीदार कोण आहे माहीत आहे ना? बंगाली.”

इथे आपले लोक बांगलादेशी माणसाला सर्रास बंगाली म्हणतात, आणि म्हणताना आवाज कसा उतरतो, तेही इथे राहिलेल्यांना ठाऊक आहे.

मी म्हटले, पाहिलेला माणूस तोच आहे.

“त्या बंगाल्याचं कोण ऐकणार? उद्या चार रियाल कोणी दिले तर उलटा बोलेल. आपला एक ड्रायव्हर आहे, सिंधुदुर्गचाच. त्या वेळी तिथून जात होता. त्याला उभा करू या. शिपायाने शिवी दिली, मग गोळी घातली, असं तो सांगेल. नीट बोलता येत नाही त्याला, पण तुम्ही आहातच. जरा शब्द लावून द्या.”

“तो खरोखरच तिथून जात होता का?”

“आता तुम्ही पण उलटतपासणी करणार का, बाई?”

मी त्यांना समजावून सांगितले की साक्षीदाराला आधी भेटणे मला वर्ज्य आहे आणि शब्द लावून देणे तर त्याहूनही. काका रागावले नाहीत, दुखावले. उठता उठता म्हणाले, “शाळेत एका मार्कासाठी पोरांना अडवायचात, तशाच राहिलात. आपला माणूस आहे तो.”

त्यांच्या दृष्टीने ते बरोबर होते. आपल्या माणसासाठी चांगला साक्षीदार हवा, आणि चांगला म्हणजे आपला. त्यांच्या मनात यापलीकडे दुष्ट असे काही नव्हते.

ड्रायव्हरची जबानी आधी झाली. त्याला शपथ दिली. तो पाठ केलेले बोलत होता, हे कुठल्याही शिक्षकाला पहिल्या दोन वाक्यांत कळले असते. शिपायाविषयी बोलताना त्याने वर्णावरून एक अशी शिवी वापरली, जी मी इथे लिहिणार नाही. त्या खोलीत मात्र ती मला उच्चारावी लागली, स्पष्ट, माझ्याच तोंडाने आणि ‘मी’ म्हणून. समोर जो लेखनिक माझे अरबी टंकलिखित करत होता, तोही वर्णाने तसाच, घरी स्वाहिली बोलणाऱ्यांपैकी. शब्द ऐकल्यावर त्याची बोटे थांबली. त्याने अधिकाऱ्यांकडे पाहिले. अधिकारी म्हणाले, लिही. त्याने लिहिले. त्यानंतर दिवसभर त्याने माझ्याकडे पाहिले नाही. वास्तविक दुभाषी म्हणजे खोलीत नसलेला माणूस, हा नियम त्याला माझ्याइतकाच ठाऊक होता.

अधिकाऱ्यांनी तीनच प्रश्न विचारले. गस्तीची गाडी कोणत्या बाजूने आली, केबल टाकायचा चर रस्त्याच्या कोणत्या अंगाला होता आणि गोळीनंतर जखमी माणसाला उचलले कोणी. ड्रायव्हरला एकाचेही उत्तर धड देता आले नाही. खोट्या साक्षीचे परिणाम त्याला समजावून सांगितले तेव्हा त्याचा चेहरा पडला आणि त्याने कबूल केले की त्या वेळी तो मजुरांच्या राहत्या कॅम्पवर होता. त्याची जबानी मागे घेतल्याची नोंद झाली.

अधिकाऱ्यांनी त्याला बाहेर पाठवले. मग मला उद्देशून नव्हे, लेखनिकाला उद्देशून म्हणाले, “एका बाजूचा पहिला माणूस खोटा निघाला. आता दुसऱ्याचं मी कसं ऐकू?”

हे वाक्य भाषांतर करण्याजोगे नव्हते, कारण खोलीत त्या क्षणी कोणी साक्षीदार नव्हता. पण मला ते फार लागले. दुसरा म्हणजे मोतालेब. तो अजून दाराबाहेर बाकावर बसला होता, त्याने अजून तोंड उघडले नव्हते, आणि त्याच्या शब्दाची किंमत आमच्या लोकांनी आधीच खाली आणून ठेवली होती.

मोतालेब मियाँ आत आला तो चप्पल दाराबाहेर काढून. अधिकाऱ्यांनी ती घालायला सांगितली. इस्त्री केलेला एकच शर्ट असावा, तो घातला होता. इथल्या बांधकामांवर सगळ्या देशांचे मजूर आपसांत जी हिंदी बोलतात ती त्याची हिंदी. प्रश्न आता आखूड झाले होते.

शिपाई काही बोलला का? बोला, साहब. तो माणूस धावला का? हाँ साहब, दौड़ा. कुठे धावला? गाड़ी की तरफ. कशासाठी धावला?

“मुझे क्या मालूम, साहब,” मोतालेब म्हणाला.

हे उत्तर मी जसेच्या तसे सांगितले आणि लेखनिकाने टंकले. अधिकारी कागद मागे सारू लागले. म्हणजे जबानी संपत आली होती, आणि नोंदीत एवढेच राहणार होते, की पोलिसाने आवाज दिला आणि माणूस केबल भरलेल्या गाडीकडे धावला.

आता मला काय दिसत होते ते सांगते. असा माणूस विचारले तेवढेच बोलतो. दुसऱ्याच्या मनातले सांगणे त्याला आगाऊपणा वाटतो. साहेबासमोर तर विशेषच. शिवाय मला आणखी एक गोष्ट ठाऊक होती. वर्षानुवर्षे मी जबान्यांना बसले. ओळखपत्र, ज्याला इथे सगळे बताका म्हणतात, ते दाखवा म्हटले की ऑफिसात काम करणारा खिशातून पाकीट काढतो. अंगमेहनत करणारा मात्र खिशात हात घालत नाही. तो डब्याच्या पिशवीपाशी जातो, बाहेर गाडीपाशी जातो, किंवा खोलीवरून आणून देतो म्हणतो. घामाने, तेलाने, चिखलाने कार्ड खराब होते, चरात पडले तर हरवते आणि नवे काढायचे तर कामाचा दिवस जातो. म्हणून कामावर असताना ते अंगावर ठेवायचेच नाही, ही त्यांची रीत. पाकीट बाळगणाऱ्या माणसाला हा प्रश्न सुचण्याचे काही कारणच नाही.

मी थांबले असते तर नियमाप्रमाणे माझे काम चोख झाले असते. सामंतकाकांना मी जे करणार नाही म्हणाले होते, त्याच्या अगदी काठावर आपण उभ्या आहोत, हेही मला कळत होते. फरक एवढाच दिसला, की काकांना हवे होते ते कोणाच्या लक्षात न येता करायचे होते. मी उघडपणे म्हटले, “दुभाषी परवानगी मागते.”

अधिकाऱ्यांनी मान वर केली.

मी म्हटले, “मजुरांच्या राहणीतली एक रीत या प्रश्नाशी संबंधित असू शकते. ती काय, हे मी सांगू इच्छित नाही; ते साक्षीदारानेच सांगावे. दोघांची ओळखपत्रे त्या वेळी कुठे होती, हे विचारता येईल. विचारावे की नाही, हा निर्णय आपला.”

अधिकारी लेखनिकाला म्हणाले, की दुभाषीने असे सुचवले, ही नोंद आधी कर. मग माझ्याकडे वळले. “विचारा.”

मी विचारले. मोतालेबला या प्रश्नात काही विशेष वाटले नाही. वेळ विचारल्यावर सांगावी तसे त्याने सांगितले.

“गाड़ी में, साहब. दोनों का. ड्राइवर सीट के ऊपर जो धूप वाला पट्टी है, उसके पीछे. पन्नी में.”

अधिकाऱ्यांनी पुढे विचारले, “शिपायाने काय फर्मावले होते?”

“बताका बोला. हाथ ऊपर किया और बोला, बताका. तो वसंतभाई लाने को दौड़ा. पुलिस को रुकाना ठीक नहीं ना, साहब, इसलिए दौड़ के गया.” मग तो म्हणाला, “मैं भी दौड़ता. मेरा पैर गड्ढे में था, इसलिए रह गया.”

मी ते अरबीत सांगितले. “मीही धावलो असतो. माझे पाय चरात होते, म्हणून राहून गेलो.” ‘मी’ म्हणत हे वाक्य उच्चारताना माझा आवाज नेहमीसारखा राहिला की नाही, हे लेखनिकच सांगू शकेल.

जप्त केलेली पिकअप पोलिसांच्या आवारात उभी होती. अधिकाऱ्यांनी त्याच दिवशी माणूस पाठवला. ड्रायव्हरच्या जागेवरच्या ऊन अडवायच्या पट्टीमागे, एकाच प्लास्टिकच्या पिशवीत, दोन्ही कार्डे होती. केबल गाडीत भरायला आपणच सांगितले होते, हे फोरमननेही कबूल केले. तो तोवर नोकरीच्या भीतीने गप्प होता.

पुढच्या आठवड्यात डॉक्टरांनी परवानगी दिली. वसंतवर पहारा होता, त्याची आणि मोतालेबची भेट झाली नव्हती. अधिकाऱ्यांनी त्याला काहीही न सुचवता पहिल्यापासून सांगायला सांगितले. वसंत म्हणाला, “साहेबान बताका मागल्यान. तो गाडयेत होतो. मगे मी हाडूक धावलंय.” साहेबांनी ओळखपत्र मागितले, ते गाडीत होते, मग मी आणायला धावलो. दोन भाषा, दोन माणसे, एकच हकीकत.

त्याच बैठकीत तरुण शिपायालाही खोलीत आणले होते. अशा वेळी दोघांना समोरासमोर विचारतात. पंचविशीचा असेल. गणवेश नव्हता, पांढरी दिशदाशा, म्हणजे इथला पायघोळ अंगरखा, होती, आणि हात कुठे ठेवावेत हे त्याला कळत नव्हते. आमच्या लोकांच्या फोनवर फिरत असलेला तो हाच, हे मनाशी जुळवायला मला वेळ लागला. त्याने सरळ सांगितले, की मी ओळखपत्र मागितले, माणूस धावला, गाडीत केबल दिसत होती, आत हत्यार असेल असे वाटले. मी इशारा म्हणून जमिनीकडे गोळी झाडली. हे सगळे मी हलक्या आवाजात वसंतला मराठीत सांगत होते, अर्थात ‘मी’ म्हणूनच.

अधिकाऱ्यांनी त्याला विचारले, “तिथे मळक्या कपड्यातला मजूर नसता, चांगल्या गाडीजवळ उभा असलेला साहेब असता, आणि तो असाच गाडीकडे धावला असता, तर तू गोळी झाडली असतीस?”

शिपायाने वसंतच्या पायाकडे पाहिले. मग तो म्हणाला, “मला माहीत नाही.”

वसंतने माझ्याकडे पाहिले. मी म्हटले, “मला माहीत नाही.” त्या वाक्याचे भाषांतर करताना ते नक्की कोणाचे, असा प्रश्न आयुष्यात पहिल्यांदाच पडला. कारण ड्रायव्हरचे बोलणे मोतालेबच्या आधी ऐकू या, असे आमच्यापैकी ज्यांना वाटले, त्यांना हाच प्रश्न विचारला असता, तर त्यांनी तरी दुसरे काय उत्तर दिले असते? साक्षीदार बांगलादेशी नसून पुण्याचा अभियंता असता, तर काका दुसरा साक्षीदार शोधायला गेले असते का?

वसंत म्हणाला, “खरा सांगल्यान त्येणा.” मी ते अरबीत सांगितले : त्याने खरे सांगितले. शिपायाने मान खाली घातली.

चोरीचा आणि पलायनाचा आरोप मागे घेतला गेला. गोळीविषयीची चौकशी वेगळ्या खात्याकडे गेली. तिथे मला बोलावणे आले नाही, तिचा निकाल मला माहीत नाही आणि माहीत नसलेले मी लिहीत नाही. वसंत काठी घेऊन गावी गेला. लग्न झाल्याचे त्याने कोणाकरवी कळवले.

दार्सैतमध्ये मंडळींनी एक छोटी सभा घेतली. सामंतकाका बोलले, मराठी माणसाच्या एकजुटीने न्याय मिळाला असे म्हणाले. ड्रायव्हरचा विषय कोणी काढला नाही. सभेत मोतालेबचे नाव आले नाही. काकांना मी नंतर विचारले. ते म्हणाले, “राहिलं खरं, बाई. डोक्यातच आलं नाही.” माझा त्यांच्यावर विश्वास आहे, खरोखरच डोक्यात आले नसणार.

प्रकरण संपल्यावर साक्षीदाराला भेटायला बंधन नसते. मी आणि यजमान एका शुक्रवारी इब्रीला गेलो. मोतालेब नव्या कामावरच्या कॅम्पमध्ये होता. आम्हाला पाहून आधी घाबरला. त्याला वाटले, परत बोलावले आहे. मग त्याने पत्र्याच्या सावलीत दोन खुर्च्या मांडल्या, कोरा चहा आणला आणि स्वतः उभा राहिला. बसा म्हटल्यावरही बसला नाही. वसंतचे कुशल मी सांगितले. लग्नाचे सांगितले. त्याने अल्लाचे नाव घेतले. एवढ्यावर बोलणे संपेल असे वाटले. पण त्याच्या मनात काही होते.

“मॅडम, एक बात पूछूँ? उस दिन मेरा बात आप अरबी में बोला। वो कैसा लगता है सुनने में?”

इतक्या वर्षांत हा प्रश्न मला कोणीच विचारला नव्हता. मी त्याला त्याची सगळी जबानी अरबीत म्हणून दाखवली, आठवत होती तशी, पहिल्या वाक्यापासून. गाडीत. दोघांची. पट्टीच्या मागे. तो मान किंचित वाकवून ऐकत होता. ‘मीही धावलो असतो’ हे वाक्य आले तेव्हा ते कोणते, हे त्याने ओळखले असावे, कारण त्याने हात जरासा वर केला आणि मी थांबले.

“ये मैं ही बोला था?”

“हाँ, तुमने ही।”

“और साहब ने लिखा?”

“जैसा बोला, वैसा ही लिखा।”

तेव्हा कुठे त्याने आणखी एक खुर्ची ओढली, तो बसला आणि त्याने आपल्यासाठी चहा ओतून घेतला.

आरंभीच्या प्रश्नाचे माझे उत्तर असे आहे. हकीकतीचे वजन कमी होते, आणि मी समजत होते त्यापेक्षा खूप आधी होते. मला वाटे, ते भाषांतरात कमी होत असेल, म्हणून मी एकेक शब्द जपत राहिले. या प्रकरणात ते माझ्याच दिवाणखान्यात, चहा पिताना कमी झाले, आणि ज्याचे कमी झाले तो माणूस तेव्हा तिथून कैक मैलांवर चर खणत होता.

पण एका प्रकरणावरून नियम बांधू नये, असे मीच मुलांना शिकवत आले. तेव्हा वाचकांना विनंती आहे की माझ्या सांगण्यावर विसंबू नये. तुमच्या सोसायटीत, कारखान्यात किंवा गावात जी शेवटची चोरी, भांडण वा अपघात झाला असेल, त्याची हकीकत तुम्हाला कोणी सांगितली ते आठवा. मग जागेवर प्रत्यक्ष हजर असलेला माणूस कोण होता ते शोधा, त्याच्याकडे जा आणि त्याला पुरते बोलू द्या. दोन्ही हकीकती कागदावर शेजारी शेजारी लिहून पाहा. त्या जुळल्या तर माझे उत्तर चुकले असे समजा, आणि तसे मला अवश्य कळवा.